पार्किंगमधलं मिठागर

बाळारामने कुणाचंही भलं करायचं मनावर घेतलं की त्यात सिमेंट आलंच. आईचा देव्हारा झाला, गावदेवीचं अंगण झालं, बालवाडीसमोरचं आंब्याचं आळंसुद्धा त्याने प्रेमाने बुजवलं होतं. आंबा पुढे वाळला, पण त्याचा दोष त्याने आंब्याला दिला. त्यामुळे त्या रविवारी सकाळी उन्नती खाली उतरली आणि पार्किंगमध्ये तिच्या मिठागराच्या जागी राखाडी, गुळगुळीत कोबा पाहून थांबली, तेव्हा हे कुणाचं काम ते तिला विचारावं लागलं नाही.

तिचा चुलतभाऊ तेजस हातात पाइप घेऊन कोब्यावर पाणी मारत उभा होता. तिला पाहून त्याने पाइप पाठीमागे धरला.

"ताई, सरप्राइज होतं," तो म्हणाला. "पप्पा बोलले, संध्याकाळी मुंबईची पब्लिक येणार, त्यांना चिखलात कुठं उभी करणार. काल तू लाइट आणायला दादरला गेलीस ना, तेवढ्यात मारून घेतला. वॉटरप्रूफिंग पण टाकलंय आत."

"वॉटरप्रूफिंग," उन्नती म्हणाली.

"तूच बोललीस ना पप्पांना, बेस पक्का पाहिजे, पाणी झिरपायला नको."

बोलली होती खरी. काकाने विचारलं होतं की हे रोज काय तुडवत बसतेस, आणि तिने काकाला समजेल अशा शब्दांत सांगितलं होतं. काकाला ते फारच नीट समजलं.

मिठागराचा तळ कुणी बांधत नाही, तो तुडवतात. खाडीचा चिखल पसरायचा आणि अनवाणी पायांनी मळत राहायचं, तो इतका घट्ट होईपर्यंत की वर सोडलेलं पाणी खाली जाणार नाही, उन्हाने उडेल आणि मीठ मागे ठेवेल. उन्नतीने दोन गाड्यांच्या जागेत वीतभर उंचीचा बांध घालून तीन आठवडे हेच केलं होतं. आज सहा वाजता ती आजीचं, बयेचं, लुगडं आगरी पद्धतीने, गुडघ्यापर्यंत नेसून त्यात उतरणार होती. भोवती तिने टांगलेल्या स्पीकरांतून गावातल्या म्हाताऱ्यांचे आवाज येणार होते, ज्यांच्या जमिनीवर हे शहर उभं राहिलं त्यांचे. त्या आवाजांत खाडीचं पाणी आत सोडायचं आणि अंधार पडेपर्यंत एकटीने तुडवायचं. कार्डावर 'एकल सादरीकरण' असं छापलंही होतं.

मागच्या वर्षी फोर्टातल्या एका गॅलरीत ती आगरी नवरीचे सगळे दागिने घालून खुर्चीवर बसली होती आणि येणाऱ्या प्रत्येकाला विचारत होती, मी कोण वाटते? कुणी बंजारा म्हणालं, कुणी दक्षिणेकडची. एका बाईने दागिन्यांचं भाडं किती पडतं ते विचारलं. आगरी कुणीच म्हणालं नाही. त्या रात्री दागिने उतरवताना तिने ठरवलं होतं की आता दुसऱ्याला विचारायचं नाही. आपल्या पायांना विचारायचं.

"हातोडा दे," ती तेजसला म्हणाली.

"ताई, ऐक. साइटवरून ब्रेकर मागवतो, दहा मिनिटांत—"

"ब्रेकरने खालचा तळ फुटेल. हातोडा आणि छिन्नी दे."

तेजसने तिच्या तोंडाकडे पाहिलं आणि पाइप खाली टाकला. ज्या इमारतीला आपलं नाव दिल्यावरून घरात भांडण झालं, तिथेच राहणाऱ्या माणसाला नमतं घ्यायची सवय लागते.

*

बाळारामला पहिला ठोका ऐकू आला तेव्हा तो फाटकापाशी फ्लेक्स लावून घेत होता. फ्लेक्स चांगला दोन गाड्या झाकतील एवढा. मधोमध उन्नती, तिच्या डोक्यावर 'आमच्या घराण्याची शान', बाजूला गावदेवी आणि खाली ओळीने सगळं घर. शेवटच्या क्षणी त्याने प्रिंटिंगवाल्याला फोन करून आणखी एक फोटो घालायला लावला होता, आणि त्याबद्दल तो कालपासून कुणाशी बोलला नव्हता.

तो आत आला. पुतणी गुडघ्यांवर बसून कोब्याच्या कडेला छिन्नी लावत होती.

"पोरी, ह्ये काय?"

"फोडतेय काका."

"अगं, तुझ्यासाठीच केलाय ना तो. ओल्यात हात नको लावू. उद्यापरेन बघ कसा टनक होतो."

"टणक झाल्यावर कसा फोडू?"

बाळाराम कमरेवर हात ठेवून उभा राहिला. त्याला खरंच वाईट वाटलं होतं. ही पोरगी जागा मागायला आपल्याकडे आली, सख्ख्या बापाकडे गेली नाही, या एका गोष्टीवर तो तीन आठवडे फुगून हिंडत होता. तिची कला त्याला कळत नव्हती, पण पाहुणे येणार म्हणजे काय ते कळत होतं.

"तुझ्या बापासारखा ही थेरं बंद कर म्हनून मी तुला कदी बोललो नाय," तो म्हणाला. "मी दोन गाऱ्यांची जागा दिली. मना तुझा अभिमान हाय."

"दिलीत काका. मला कुणी दिली नसती." उन्नतीने हातोडा खाली ठेवला नाही. "आणि मग बुजवलीत. आमची जमीन सरकारने घेतली तेव्हा बयेला निदान नोटीस पाहून रडता आलं होतं म्हणे. माझं तर तुम्ही मला सांगितलंही नाही."

सरकारने केलं ते आणि आपण केलं ते एका वाक्यात ऐकून बाळारामचा चेहरा उतरला. मागे सुमित्राबाई, त्याची बायको, चहाचा ट्रे घेऊन उभी होती.

"मी कालच बोलले होते," ती म्हणाली. "पोरीला इचारा मंगच हात लावा. माझा कोन ऐकतंय." तिने ट्रे तेजसच्या हातात दिला, पदर खोचला आणि नवऱ्याकडे न बघता दुसरी छिन्नी उचलली. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण बाळारामच्या कुठल्याही कामाला तिने विरोध केल्याचं घरात कुणी पाहिलं नव्हतं. तेजस तर ट्रे धरून पाहतच राहिला.

*

दुसऱ्या मजल्यावर नामाने ठोके ऐकले आणि पेपर घडी करून ठेवला.

नामा बेलापूरच्या सरकारी कचेरीतून निवृत्त झालेला, बाळारामचा मोठा भाऊ आणि उन्नतीचा बाप. दोघं भाऊ आठ वर्षं एकमेकांशी बोलत नव्हते. जमिनीच्या बदल्यात मिळालेल्या साडेबारा टक्क्यांच्या भूखंडावर ही इमारत उभी राहिली तेव्हा तिला वडिलांचं नाव द्यायचं असं दोघांत ठरलं होतं. वास्तुशांतीच्या दिवशी पडदा बाजूला झाला आणि पाटीवर 'तेजस हाइट्स' निघालं. बाळाराम म्हणाला, बाच्या नावाने फ्लॅट विकले जात नाहीत. नामा जेवायला थांबला नव्हता. तेव्हापासून मोठा दुसऱ्या मजल्यावर, धाकटा चौथ्यावर आणि आई चांगुणाबाई मधे तिसऱ्यावर. तिला नाश्ता वरून यायचा आणि रात्रीची भाकरी खालून.

"स्मिता, काय चाललंय खाली?"

"बाळाभावजींनी तिच्या चिखलावर कोबा घातला. ती फोडतेय," त्याची बायको स्मिता म्हणाली. ती चपला घालूनच उभी होती. "मी चाललेय. तुम्हाला यायचं असेल तर बोलायला येऊ नका."

तो बोलायलाच गेला.

"झालं ते बरं झालं," तो पार्किंगमध्ये उभा राहून म्हणाला. भाऊ पाच हातांवर होता, त्याच्याकडे त्याने बघितलं नाही. "कार्यक्रम रद्द झाला म्हणून कळव त्या लोकांना."

"होणार आहे बाबा."

"उन्नती, आईच्या पायांच्या भेगा बघत मी मोठा झालो. रात्री ती त्यात मेण भरायची. नोकरी लागल्यावर पहिल्या पगारात मी तिला चपला आणल्या. आपण चिखलातून बाहेर आलो, ते काय उगाच? आणि तू लोकांना बोलावून तेच दाखवणार?"

"दाखवणार नाही. करणार." ती उठून त्याच्यासमोर आली. केसांत सिमेंटची भुकटी होती. "बाबा, मला सगळे विचारतात तू कुठली. मी म्हणते बेलापूरची. ते हसतात आणि म्हणतात, तसं नाही गं, मूळची कुठली? आता मूळचीच तर सांगतेय. त्यांना वाटतं या गावात आधी कुणी नव्हतंच, सगळे कुठून तरी आले. तुम्ही कचेरीत कधी सांगितलंत, ही जमीन आमच्या पायांनी तुडवलेली आहे म्हणून?"

नामाने नव्हतं सांगितलं. कचेरीत त्याची भाषा इतकी शुद्ध होती की नव्या साहेबांना तो पुण्याकडचा वाटायचा, आणि त्याने कुणाचाही गैरसमज दूर केला नव्हता.

तेवढ्यात सुमित्राबाईच्या छिन्नीखाली कोब्याचा एक मोठा तुकडा सुटला. तेजसने आणि स्मिताने तो दोन बाजूंनी धरून उलटा केला. तुकड्याच्या पोटाला बोटभर जाडीचा चिखल चिकटून आला होता. खालचा तळ सोलून निघाला होता, आणि मधे खड्डा पडला होता. दुसरा तुकडा काढला, तिसरा काढला. सगळीकडे तेच.

उन्नती खड्ड्याच्या कडेला बसली आणि तिने त्यात हात घातला. तीन आठवडे रोज पोटऱ्या भरून येईपर्यंत तुडवलेलं सगळं गेलं होतं. तिला रडू आलं आणि ती सगळ्यांसमोर रडली. मग तिने कोपराने नाक पुसलं.

"तेजस, टेम्पो आहे का रे रिकामा?"

"आहे. का?"

"चिखल आणायचा. पुन्हा तुडवणार."

"ताई, तीन आठवड्यांचं काम सहा वाजेपर्यंत? एकटी?"

"सहापर्यंत होईल तेवढं. उरलेलं लोकांसमोर. पण मी कुणालाही कळवणार नाहीये की रद्द झालं."

*

नामा फाटकाकडे निघाला, कारण मुलीचं तोंड त्याला बघवेना. फाटकाला फ्लेक्स अर्धा बांधून लोंबत होता. त्याने सवयीने खालचे चेहरे वाचले. बाळाराम गॉगलमध्ये, सुमित्रा, तेजस, स्मिता. आणि सगळ्यांच्या आधी, पहिल्या जागी, तो स्वतः. निरोपसमारंभातला हार घातलेला फोटो. खाली लिहिलं होतं, 'आमचे मार्गदर्शक, मोठे बंधू'.

त्याने ती ओळ पुन्हा वाचली. मागे पाहिलं तर बाळाराम पार्किंगच्या खांबाला टेकून त्याच्याकडेच बघत होता, आणि नजरानजर होताच त्याने मान खाली घातली. बापाचं नाव बाजूला सारून पोराचं नाव लावणारा हा, आणि हाच पुतणीचा तळ सिमेंटने बुजवणारा. याला माया करायची दुसरी रीत येतच नाही, नामाच्या मनात आलं, आणि त्याला भावाचा राग आला तसा आठ वर्षांत पहिल्यांदा हसूही आलं.

तो जिना चढून तिसऱ्या मजल्यावर गेला.

चांगुणाबाई पलंगावर बसून सुपात लसूण सोलत होती. नातीचं मिठागर पाहायला ती एकदाही खाली उतरली नव्हती. चिखलाचं काय कवतुक, एवढंच म्हणाली होती. लुगडं मात्र नातीने मागितल्याबरोबर काढून दिलं होतं.

"आये," नामा दारातून म्हणाला. आणि मग त्याच्या तोंडून जे निघालं ते कचेरीत कधी निघालं नव्हतं. "आये, खांड गेलीय."

म्हातारीचे हात थांबले. खाडीचा बांध फुटून खारं पाणी शेतात शिरलं, की त्याला गावात खांड जाणं म्हणत. मग भांडण, भाऊबंदकी, काही बघायचं नाही. हाक ऐकली की घरटी एक माणूस चिखल घेऊन बांधावर गेलाच पाहिजे. जो यायचा नाही त्याच्या घरी कुणी विस्तव मागायला जायचं नाही, आणि हा विस्तव तुटणं पोलिसांपेक्षा वाईट. नामाने लहानपणी आपल्या बापाला, ज्याच्याशी कोर्ट चालू होतं त्याच माणसाच्या खांद्याला खांदा लावून छातीभर पाण्यात उभं राहिलेलं पाहिलं होतं.

"कुठं?" चांगुणाबाईने विचारलं.

"आपले पार्किंगमदी."

तिने त्याच्याकडे नीट पाहिलं. बाकी काही विचारलं नाही. तीन आठवड्यांपासून खालचे सगळे आवाज तिने ऐकले होते, सकाळचे ठोकेही.

"मंग उबा काय रेलास," ती म्हणाली आणि लसणीचं सूप बाजूला सारून उठली. गॅलरीत गेली, कठड्याला धरलं आणि गावठाणाच्या दिशेने ओरडली. आवाज फाटका होता, पण लांब गेला. "खांड गेली रं, खांड. घरटी एक मानूस या."

समोरच्या चाळीतली यशोदाबाई भांडी घासता घासता वर बघू लागली. तिची सून विचारत होती, काय झालं, काय झालं. यशोदाबाईने हात धुतले.

*

दुपारनंतर पार्किंगमध्ये मोजायला गेलं तर गोंधळ झाला असता इतकी माणसं होती. म्हाताऱ्या कासोटा घालून उतरल्या होत्या, सुना सलवारी गुडघ्यापर्यंत वर करून. खांड म्हणजे काय ते निम्म्यांना माहीत नव्हतं, पण सासू गेली म्हणून त्या आल्या होत्या. चिखलाचा टेम्पो फाटकाच्या कमानीखालून आत येईना. घमेली पुरेनात. बाळारामने इकडे तिकडे पाहिलं, मग स्वतःच स्टुलावर चढून फ्लेक्सच्या दोऱ्या कापल्या आणि तो जमिनीवर उलगडला.

"यावर टाका," तो मजुरांना म्हणाला.

"शेठ, तुमचा फोटो हाय."

"दिसतंय मना. टाका."

एक टोक त्याने धरलं. दुसरं टोक कुणी धरेल म्हणून तो थांबला होता, आणि ते नामाने धरलं. दोघांनी गावदेवीच्या बाजूला तेवढी घडी घातली आणि बाकी सगळ्या घराच्या फोटोंवर चिखल घेऊन तो आत ओढत आणला.

"नाव बदलतो मी," फेऱ्यांच्या मधे कधीतरी बाळाराम धापा टाकत म्हणाला. "पाटीवरचा."

"आधी चिखल ओढ," नामा म्हणाला.

उन्नती मधोमध तुडवत होती. तिच्या एका बाजूला आई, दुसऱ्या बाजूला काकी. सुरुवातीला तिला सगळ्यांची अडचण वाटली होती. कुणी बांधावर पाय देत होतं, कुणी गप्पा मारत होतं, यशोदाबाईने तर टांगलेल्या स्पीकरवर ओला टॉवेल वाळत घातला होता. हे माझं राहिलंच नाही, असं तिच्या मनात आलं. मग बय आली. नामाच्या हाताला धरून म्हातारी आत उतरली, चिखलात पाय रुतवून क्षणभर डोळे मिटून उभी राहिली आणि तिने नातीचा खांदा पकडला. चांगुणाबाईचं वजन खांद्यावर आलं तेव्हा उन्नतीने ठरवून टाकलं. ती बाहेर आली, दादरहून आणलेला, एकटीवर पडायचा तो दिवा तिने काढून ठेवला आणि पार्किंगच्या सगळ्या ट्यूबलाइट लावल्या. परत येऊन तिने बयेचा हात पुन्हा खांद्यावर घेतला.

पाहुणे वेळेवर आले. मुंबईहून तीन गाड्या भरून, सुती कुर्ते, गळ्यात कॅमेरे. कार्डावर लिहिल्याप्रमाणे त्यांना एकटी मुलगी शोधायची होती आणि समोर एक अख्खं गाव चिखलात होतं. कुणी त्यांना या म्हटलं नाही. कुणी वर पाहिलंही नाही. शेवटी गॅलरी चालवणारा उंच गृहस्थ पुढे झाला आणि त्याला सर्वांत वयस्कर दिसली तिला त्याने अदबीने विचारलं, "आजी, उन्नती कुठे आहेत? कार्यक्रम कधी सुरू होणार?"

"ती काय इकरं," चांगुणाबाई पाय न थांबवता म्हणाली. "पन तिला आता येल नाय. खांड गेलीय."

तो हसला, मान हलवली, आणि कॅमेरा डोळ्याला लावू लागला.

"ते राहू दे," म्हातारी म्हणाली. "घरटी एक मानूस लागतं. तुज्या घरचा कोन आयलाय?"

त्या माणसाने उन्नतीकडे पाहिलं. ती हे समजावून सांगेल, विनोद म्हणून सोडवून घेईल, असं त्याला वाटलं असावं. उन्नती तुडवत राहिली.

"मीच," तो म्हणाला.

"मंग बूट कार."

त्याने कॅमेरा गळ्यातून काढून कुणाच्या तरी हातात दिला आणि नाड्या सोडायला वाकला. उन्नतीने शेजारी तुडवणाऱ्या बापाला एक पाऊल सरकायला सांगितलं आणि आपल्या दोघांच्या मधे त्या पाहुण्यासाठी जागा केली.